धमनी तुटल्यावर आवळून बांधलं तर हात जातो का?

तुमचा प्रश्न असा: धमनी तुटून रक्त उडत असेल तर वरून आवळून बांधावं का, त्यानं हातपाय कापावा लागतो हे खरं का, आणि डॉक्टर तुटलेली धमनी जोडतात कशी? पहिल्याचं उत्तर हो, पण दाबूनही थांबत नसेल तरच; दुसऱ्याचं नाही. 'हात जातो' हे मी घरात सहा वर्षं ऐकतोय, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

कवठेमहांकाळ तालुक्यात आमचं फॅब्रिकेशनचं वर्कशॉप आहे. धाकटा भाऊ ग्राइंडरवर चौकोनी पाइप कापत होता. गार्ड काढून ठेवलेलं, सगळेच काढतात. चकती पाइपात अडकून फुटली आणि तिचा तुकडा त्याचा डावा दंड आतल्या बाजूनं, कोपराच्या वर चारेक बोटांवर, फाडत गेला. मी पोचलो तेव्हा रक्त वाहत नव्हतं, उडत होतं. लालभडक, नाडीच्या ठोक्याबरोबर. समोरच्या पत्र्यावर एकाखाली एक पट्टे उमटले होते. शिरेचं रक्त काळपट असतं आणि सलग वाहतं. हे दोन्ही एकदा पाहिलं की पुन्हा कुणाला विचारावं लागत नाही.

घर मागेच आहे. काका हळदीचा डबा घेऊन धावत आले आणि मूठभर हळद जखमेत चेपली. सांगली जिल्ह्यातला माणूस आहे मी, हळदीचा अभिमान मलाही आहे. पण धमनीतल्या दाबापुढे हळद टिकत नाही. थोडी रक्ताबरोबर बाहेर आली, बाकीची नंतर सर्जनला धूत बसावं लागलं. मग काकांनी फडकं दाबलं, पण दर अर्ध्या मिनिटानं उचलून बघायचे, थांबलं का म्हणून. दाबलेलं फडकं उचलायचं नसतं. खाली जी गुठळी धरू लागलेली असते ती फडक्याबरोबर निघून येते. भिजलं तर त्यावरच दुसरं ठेवायचं आणि अंगाचा भार टाकून दाबायचं.

मी दोन्ही हातांनी दाबलं, तरी बोटांमधून येतच राहिलं. तेव्हा बांधायचं ठरवलं. चाकणच्या एका कंपनीत असताना दोन दिवसांचं प्रथमोपचाराचं प्रशिक्षण झालं होतं, ते तिथं कामाला आलं. पंच्याची चार बोटं रुंद घडी केली, जखमेच्या वर खांद्याच्या बाजूला बांधली, गाठीत १६-१७चा रिंग पाना घातला आणि पिळत गेलो. भाऊ किंचाळत होता. पिळायचं ते रक्त थांबेपर्यंत. अर्धवट आवळणं सगळ्यात वाईट, कारण शिरा बंद होतात, धमनी चालूच राहते आणि रक्त उलट जास्त जातं. मग पाना सुटू नये म्हणून दुसऱ्या फडक्यानं जखडला आणि पाइपावर खुणा करायच्या मार्करनं त्याच्या हातावर वेळ लिहिली, ११:२०.

"आरं सोड ते! हात काळा पडंल पोराचा. दर धा मिनिटाला सैल करायचं असतंय!" काका माझा हात ओढत होते.

नसतं करायचं. मोठ्या माणसाच्या अंगात साधारण पाच लिटर रक्त असतं, त्यातलं दोन लिटर गेलं की माणूस हाताशी लागणं अवघड. सैल केलं की दर वेळी त्यातलंच आणखी जातं. बगदादमधल्या अमेरिकी लष्करी रुग्णालयात २००६ साली असाच आवळपट्टा (टूर्निके) बांधून आणलेल्या जखमींचा अभ्यास झाला. शॉकमध्ये, म्हणजे रक्त जाऊन अंगातला रक्तपुरवठा कोसळण्याच्या अवस्थेत, जायच्या आधी पट्टा बांधलेल्यांपैकी ९० टक्के जगले, शॉकमध्ये गेल्यावर बांधलेल्यांपैकी १० टक्के. केवळ पट्ट्यामुळे हातपाय कापावा लागल्याचं एकही उदाहरण त्यात नव्हतं. दोन तासांपर्यंत फारशी भीती नसते. सहा तास रक्त नाही मिळालं तर मात्र स्नायू मरतात. म्हणून तर वेळ लिहायची.

काकांचा पुरावा म्हणजे गावातले एक माजी सैनिक, दुसऱ्या महायुद्धात इटलीत पाय गमावून आलेले. "पट्ट्यानंच गेला त्यांचा पाय." त्यांचं नेमकं काय झालं होतं हे काकांनाही बघायला मिळालं नव्हतं. पण त्या युद्धात तुटलेली धमनी सहसा जोडत नसत, सर्जन ती कायमची बांधून टाकत. अमेरिकी सैन्याच्या २,४७१ धमन्यांच्या जखमांची नोंद आहे, त्यात धमनी बांधून टाकलेल्यांपैकी जवळजवळ निम्म्यांचे हातपाय कापावे लागले. कोरियाच्या युद्धात धमनी शिवायला लागले आणि तेच प्रमाण १३ टक्क्यांवर आलं. शिवण्याची पद्धत अलेक्सिस कॅरेल या फ्रेंच सर्जननं १९०२ सालीच मांडली होती, १९१२ साली तिच्यासाठी नोबेलही मिळालं, तरी ती जखमी सैनिकापर्यंत पोचायला इतकी वर्षं लागली. पाय गेले ते धमनी बांधून टाकल्यामुळे. तासाभरासाठी वरून बांधलेला पट्टा ही वेगळी गोष्ट. आमच्या घरात ही सरमिसळ अजून चालू आहे.

गावच्या डॉक्टरांनी पंचा सोडला नाही, हे त्यांचे उपकार. सलाइन लावलं, रक्ताची गुठळी टिकवणाऱ्या ट्रॅनेक्सॅमिक ॲसिडचं इंजेक्शन दिलं (ते तीन तासांच्या आतच द्यायचं असतं) आणि १०८ नं मिरजेला पाठवलं. तिथल्या सर्जननं मला केसपेपरच्या मागे चित्र काढून दाखवलं. चकतीनं धमनीची टोकं चिंधी केली होती, ती कापून नीट केल्यावर सरळ जोडण्याइतकी लांबी उरली नाही. मग बारीक फुगा असलेली नळी आत घालून गुठळ्या ओढून काढल्या, पायातली शीर काढली आणि उलटी करून मध्ये जोडली. उलटी का, तर शिरेत झडपा असतात, त्या रक्ताला एकाच दिशेनं जाऊ देतात. टाके केसासारख्या बारीक निळ्या धाग्याचे. मनगटावर नाडी लागली तेव्हा त्यांनी मला आत बोलावून हात लावायला दिला होता.

हात वाचला. अंगठा आणि शेजारची दोन बोटं बधिर राहिली, शर्टाचं बटण आजही त्याला नीट लागत नाही. "तू आवळलंस म्हणून" हे काका दर लग्नकार्यात चार पाहुण्यांसमोर म्हणतात. त्या जागी मीडियन नर्व्ह, म्हणजे या बोटांना संवेदना देणारी नस (मज्जातंतू), धमनीला अगदी चिकटून जाते. चकतीनं दोन्ही एकदमच कापली.

काही गोष्टी राहिल्या. सुतळी, वायर, बुटाची नाडी असलं बारीक काही बांधू नका, त्यानं मात्र नस खरंच दुखावते. सांध्यावर बांधू नका. मानेला, काखेत, जांघेत पट्टा चालत नाही, तिथं जखमेत स्वच्छ कापड ठासून भरायचं आणि दवाखाना येईपर्यंत दाबून धरायचं. मांजानं गळा चिरला तरी गळ्याभोवती काही आवळायचं नाही, फक्त जखमेवर दाबायचं. आणि दाबून थांबत असेल तर बांधायच्या फंदात पडूच नका, बहुतेक जखमा दाबूनच थांबतात.

काका, तुमच्या नातवानं हे वाचून दाखवलं तर ऐका. डिस्चार्ज कार्ड माझ्या कपाटात आहे. दुसऱ्या पानावर लिहिलंय, नस कापलेली आढळली, शिवली. आवळल्यानं दबलेली असं कुठंही लिहिलेलं नाही.