शंकासमाधान : पोथीतला हरताळ आणि पेटीतली मनशीळ

प्रश्न : वाईला आमच्या घरी पणजोबांच्या हातच्या काही पोथ्या आहेत. त्यांतल्या एका पोथीत ओळींच्या मधेमधे एक-दोन अक्षरांच्या रुंदीचे पिवळे पट्टे दिसतात आणि बहुतेक पट्ट्यांवर पुन्हा काळ्या शाईने लिहिलेले आहे. गावातल्या एका शास्त्रीबुवांना विचारले, तेव्हा ‘तो हरताळ आहे’ एवढेच त्यांनी सांगितले. हरताळ म्हणजे बंद, असे आम्ही आजवर समजत होतो. ‘नियमांना हरताळ फासला’ असे वर्तमानपत्रांत नेहमी येते, त्यातला हरताळ कोणता? आणि पट्ट्याखाली काय लिहिले आहे ते पाहण्यासाठी तो खरवडला तर चालेल का?
— एक वाचक, वाई

उत्तर : शास्त्रीबुवांचे म्हणणे बरोबर आहे. पोथीतला हरताळ हे एक खनिज असून बाजारपेठ बंद ठेवण्याच्या हरताळाशी त्याचा उच्चारापलीकडे काहीही संबंध नाही. संस्कृतात या खनिजाला ‘हरिताल’ म्हणतात. अमरकोशात त्याची पिंजर, पीतन, ताल आणि आल अशी आणखी नावे दिली आहेत. रसशास्त्राच्या, म्हणजे धातू व खनिजांपासून औषधे करण्याच्या आयुर्वेदातील शास्त्राच्या, ग्रंथांत ‘पत्रताल’ आणि ‘पिंडताल’ असे त्याचे दोन प्रकार सांगितले असून पापुद्र्यांचा, सोन्यासारखी झळाळी असलेला पत्रताल श्रेष्ठ मानला आहे. आजच्या खनिजशास्त्रात त्याला ऑर्पिमेंट म्हणतात, आणि तेही नाव ‘सोन्याचा रंग’ अशा अर्थाच्या लॅटिन शब्दावरून आलेले आहे. आर्सेनिकचे दोन आणि गंधकाचे तीन अणू असे या संयुगाचे प्रमाण असते. त्याचा खडा नखानेही ओरखडतो इतका मऊ असतो, अभ्रकासारखे त्याचे पापुद्रे सुटतात, आणि आकाराच्या मानाने तो जड लागतो, कारण त्याची घनता पाण्याच्या जवळजवळ साडेतीन पट आहे.

आपल्या सातारा-सांगलीकडच्या काळ्या पाषाणात हरताळ सापडत नाही. कुमाऊँमधील मुनस्यारीच्या परिसरात आणि वायव्येकडे चित्रालमध्ये तो मिळत असे, आणि चीनच्या युन्नान प्रांतातून ब्रह्मदेशामार्गेही तो हिंदुस्थानात येत असे. म्हणजे कृष्णाकाठच्या लेखकाच्या दौतीशेजारी जो हरताळ होता, तो फार लांबचा प्रवास करून आलेला होता. एवढ्या लांबून आणलेला जिन्नस चुका झाकण्यासाठी खर्च करीत, यावरून शुद्ध प्रतीची त्या लोकांना किती चाड होती हे दिसते.

लेखकाला त्याची गरज का पडे, हे समजण्यासाठी त्या काळचा कागद डोळ्यांपुढे आणला पाहिजे. हातकागदाला खळ देऊन तो गुळगुळीत घोटीत असत, म्हणजे बोरू त्यावरून न अडखळता चाले आणि शाई पसरत नसे. चुकलेले अक्षर खरवडले, तर ही घोटाई निघून जाई, खालचे तंतू उघडे पडत आणि त्यावर लिहिलेले नवे अक्षर फुटे. पाण्याने पुसावे, तर काजळी आणि डिंक यांची शाई आजूबाजूला फासली जाई. नुसती रेघ मारून खोडावे, तर पान विद्रूप होई आणि पुढे प्रत करणारा नकलकार खोडलेलेही उतरून घेण्याचा संभव राही. हरताळ बारीक वाटून, डिंकाच्या पाण्यात कालवून चुकीच्या अक्षरावर लावला की ते पुरते झाकले जाई आणि पट्टा वाळल्यावर त्याच जागी बरोबर अक्षर लिहिता येई. आपल्या पोथीतला एखादा पट्टा तिरप्या उजेडात भिंगाखाली पाहा. तो कागदाच्या पातळीहून किंचित उंच, थोडासा रवाळ दिसेल, आणि वाटण फार बारीक झालेले नसेल तर त्यात मधूनच एखादा कण चमकेल. ज्या पट्ट्यावर पुन्हा काही लिहिलेले नाही, तेथे अधिकचा मजकूर नुसता गाळलेला आहे असे समजावे. श्लोकांचे आकडे किंवा अध्यायाची समाप्ती उठून दिसावी म्हणून चोळलेला तांबूस रंग मात्र गेरूचा असतो. गेरू लक्ष वेधण्यासाठी आणि हरताळ रद्द करण्यासाठी, असा तो रिवाज होता.

‘हरताळ फासणे’ किंवा जुन्या भाषेत ‘हरताळ लावणे’ हा वाक्प्रचार याच कामातून आला आहे. लिहिलेले रद्द करणे हा त्याचा मूळ अर्थ, आणि त्यावरून एखादी गोष्ट पार निष्फळ करून टाकणे, धाब्यावर बसवणे हा आजचा अर्थ. मूळ क्रियेत चूक झाकून शुद्ध लिहिण्याचा हेतू होता. आजच्या प्रयोगात चांगले ते पुसून टाकल्याचा ठपका असतो. तरीही मूळ क्रियेची एक खूण या वाक्प्रचारात टिकून राहिली आहे, असे मला वाटते. नियम, करार, वचन, तत्त्व, संकेत यांना हरताळ फासला असे आपण लिहितो, म्हणजे जे लिहून ठेवलेले असते किंवा लिहिल्याइतके पक्के मानलेले असते, त्यालाच हा शब्द शोभतो. कष्टांवर आणि आशांवर पाणी फिरते, केलेल्या कामावर बोळा फिरवला जातो. ‘शेतकऱ्यांच्या कष्टांना पावसाने हरताळ फासला’ असे कोणी लिहिले तर ते कानाला खटकते. पाऊस काही लिहिलेले रद्द करीत नाही, आणि हरताळ फासणारा हात नेहमी माणसाचाच असतो.

दुसरा हरताळ निराळ्या घराण्यातला आहे. ‘हट्ट’ म्हणजे बाजार आणि ‘ताला’ म्हणजे कुलूप यांपासून तो शब्द बनला, आणि गुजरातीत ‘हडताळ’, हिंदीत ‘हडताल’ अशी त्याची रूपे आजही चालतात. मराठीत मधल्या ‘ड’चा ‘र’ झाल्यामुळे दोन्ही शब्द दिसायला एक झाले. रौलट कायद्याच्या निषेधार्थ गांधीजींच्या हाकेवरून ६ एप्रिल १९१९ रोजी देशभर पाळला गेला, तो हा हरताळ. हा हरताळ पाळतात, करतात किंवा पडतो. तो फासत नाहीत. ‘व्यापाऱ्यांनी कडकडीत हरताळ फासला’ अशी वाक्ये अलीकडे छापून येतात, ती सरळ चुकीची आहेत.

आता खरवडण्याविषयी. कृपा करून तसे करू नये. त्यामुळे खालचे अक्षर हाती लागेलच असे नाही, वरचे मात्र नक्की जाईल, आणि उडालेली आर्सेनिकयुक्त विषारी भुकटी श्वासावाटे आत जाईल. पान हलक्या हाताने उजेडासमोर धरले तर कधीकधी मागच्या बाजूने झाकलेले अक्षर अंधूक दिसते. त्याहून चांगला उपाय अवरक्त (इन्फ्रारेड) प्रकाशातील छायाचित्राचा आहे. काजळीची शाई अवरक्त किरण शोषून घेते आणि हरताळ ते बव्हंशी जाऊ देतो, त्यामुळे पट्ट्याखालचे अक्षर छायाचित्रात काळे उमटू शकते. वरचे अक्षरही काजळीचेच असल्याने दोन्ही एकमेकांत गुंतलेली दिसतात, परंतु सरावलेल्या डोळ्यांना ती वेगळी काढता येतात. पोथीचे पान उलटताना बोट जिभेला लावण्याची सवय असेल तर ती या पोथीपुरती तरी सोडावी, पानांवर फुंकर मारू नये आणि वाचून झाल्यावर हात साबणाने धुवावेत.

प्रश्न : आमच्याकडे काही जुन्या पोथ्यांचा संपूर्ण कागदच पिवळा आहे. सांगलीला हळदीची एवढी मोठी पेठ असल्यामुळे तो रंग हळदीचा असावा, असे घरातले सर्वजण म्हणतात. हा हरताळ असू शकेल का?
— एक वाचक, सांगली

उत्तर : दोन्ही शक्य आहेत. कसर आणि वाळवी लागू नये म्हणून कागद हळदीच्या पाण्यातून काढीत, तसाच तो हरताळाच्या पातळ लेपानेही रंगवीत असत. फरक ओळखण्याची एक खूण पानांच्या कडांशी असते. हळदीचा रंग उजेडात विटतो, म्हणून अनेक वर्षे उघड्या राहिलेल्या कडा फिकट आणि बांधणीच्या आतला भाग अधिक पिवळा दिसला, तर हळदीची शक्यता अधिक. हळद तंतूंत मुरलेली असते, तर हरताळ रंगाच्या थरासारखा पृष्ठभागावर बसलेला असतो व भिंगातून त्याचे कण दिसतात. चुन्याचे पाणी लावले की हळद तांबडी होते, हे कुंकू करणाऱ्यांना पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक असलेले सत्य आहे. मात्र पोथीवर तो प्रयोग करू नये. कागद नुसता जुना होऊनही पिवळसर पडतो, ही तिसरी शक्यताही विसरू नये. खात्रीची परीक्षा पान न कापता, क्ष-किरणांच्या साहाय्याने करता येते. आर्सेनिक असेल तर ते तीत लगेच उघड होते.

प्रश्न : भाद्रपदातल्या हरितालिकेच्या व्रताचा या हरिताल खनिजाशी काही संबंध आहे का?
— एक वाचक, फलटण

उत्तर : नाही. आली म्हणजे सखी. सख्यांनी पार्वतीला वनात नेले म्हणून ती हरितालिका, असा अर्थ व्रतकथेतच सांगितलेला आहे. पार्वतीच्या कपाळी मात्र हरिताल लागलेला आहे. कालिदासाच्या कुमारसंभवाच्या सातव्या सर्गात विवाहाच्या वेळी मेना आपल्या मुलीचे मुख वर उचलून ओला हरिताल आणि मनःशिला दोन बोटांनी घेते व तिला विवाहदीक्षेचा तिलक लावते. पिवळा आणि तांबडा हे दोन्ही रंग तेथे मंगल म्हणून आले आहेत.

प्रश्न : आमच्या शाळेच्या प्रयोगशाळेत खनिजांची जुनी पेटी आहे. तिच्यात ‘मनशीळ’ अशी चिठ्ठी लावलेला शेंदरी-तांबडा खडा होता. प्रदर्शनासाठी तो काचेच्या कपाटात, खिडकीजवळ ठेवला. काही महिन्यांनी त्याचा वरचा भाग पिवळा पडून भुगा होऊ लागला. मनशिळेचा हरताळ झाला असे म्हणावे का? आणि ही दोन्ही विषे असताना त्यांची औषधे कशी करतात?
— एक शिक्षक, कराड

उत्तर : मनशीळ म्हणजे संस्कृतातली मनःशिला, खनिजशास्त्रातले रियलगार. अमरकोशात तिला मनोगुप्ता, नागजिह्विका, नैपाली, कुनटी अशी नावे आहेत. त्यांतल्या ‘नागजिह्विका’ या नावात तिचा तांबडा रंग आला आहे आणि ‘नैपाली’ या नावात ती कोणत्या बाजूने येत असे ते आले आहे. हरताळ आणि मनशीळ ही जमिनीत पुष्कळदा एकत्रच सापडतात आणि दोहोंत घटक तेच, म्हणजे आर्सेनिक आणि गंधक असतात. मनशिळेच्या रेणूत मात्र दोहोंचे चार-चार अणू असतात.

आपल्या खड्याचा हरताळ झालेला नाही. उजेड पडला की मनशिळेच्या रेणूतील अणू तेवढेच राहून त्यांची आपसांतली जोडणी बदलते, आणि त्यातून पॅरारियलगार नावाचे वेगळे पिवळे खनिज तयार होते. फार काळपर्यंत जाणकारही या पिवळ्या भुकटीला हरताळच समजत होते. १९८० साली ते स्वतंत्र खनिज असल्याचे सिद्ध झाले. हा बदल नुसत्या उजेडाने होतो, त्याला ऊन किंवा ओल लागतेच असे नाही, आणि एकदा झालेला बदल खडा अंधारात ठेवून परतत नाही. जुन्या चित्रांत जेथे आज पिवळा रंग दिसतो, तेथे चित्रकाराने तांबडा दिलेला असू शकतो, ही अडचण यातूनच उद्भवते.

औषधांविषयी सांगायचे तर रसशास्त्रात ही दोन्ही द्रव्ये उपरसांत, म्हणजे खनिज द्रव्यांच्या एका वर्गात, धरली असून शोधन म्हणजे शुद्धी केल्यावाचून त्यांचा वापर निषिद्ध मानला आहे. हरताळाचे शोधन कोहळ्याच्या रसात, तर मनशिळेचे आल्याच्या रसात सांगितले आहे. शुद्ध केलेला हरताळ अभ्रकाच्या दोन पापुद्र्यांमध्ये ठेवून तापवला की माणकासारखे तांबडे ‘रसमाणिक्य’ तयार होते व ते त्वचारोगांत वापरतात. परंतु शोधन झाले म्हणजे आर्सेनिक नाहीसे होते असे कोणी समजू नये. औषधांविषयीच्या सरकारी नियमांतही हरताळ आणि मनशीळ या दोहोंचा विषारी द्रव्यांच्या अनुसूचीत समावेश असून, त्यांपासून केलेली औषधे वैद्यकीय देखरेखीखालीच घ्यावीत अशी सूचना वेष्टनावर छापावी लागते. कोणाच्या सांगण्यावरून किंवा जुन्या बाडातला पाठ वाचून ती घरी करणे अथवा घेणे जिवावर बेतू शकते.

विद्यार्थ्यांना दाखवण्यासाठी खडा तापवू नये. हवेत तापवला की त्यातून सोमल (आर्सेनिकचे ऑक्साइड) तयार होतो आणि त्याची वाफ अतिशय विषारी असते. लसणासारखा वास आला तर तो धोक्याचा इशारा समजून खोली लगेच मोकळी करावी. हातमोजे घालून आणि तोंडाला मास्क लावून उरलेला खडा भुग्यासकट घट्ट झाकणाच्या बरणीत भरावा, बरणीला काळा कागद गुंडाळावा आणि ती कुलपाच्या कपाटात ठेवावी. कपाटात सांडलेला भुगा कोरड्या झाडणीने झाडू नये. ओल्या फडक्याने टिपून ते फडके वेगळ्या पिशवीत बंद करावे. बरणीवरच्या चिठ्ठीत ‘मनशीळ, उजेडाने पृष्ठभागी पॅरारियलगार झालेली, विषारी’ असे लिहावे, आणि वर्गात दाखवण्यासाठी खड्याचे रंगीत छायाचित्र वापरावे.