दोन उण्यांचा घात

कोपरखैरण्याच्या एका पालकांचा प्रश्न : (−०.३) × (−०.४) वाचताना क्लासचे सर 'वजा' म्हणतात, पुस्तकात 'उणे' आहे. बरोबर काय?

उणे. वजा करणं ही क्रिया, उणे हे संख्येचं चिन्ह. पाचातून दोन वजा करतात, पारा उणे दोनवर जातो. 'वजा' अरबी म्हणून नको म्हणणारे शुद्धिवाले वेगळे, त्यांच्या नादी लागू नका.

माझं डोकं उठतं ते उत्तर ऐकून. ठाणे-वाशी लोकलमध्ये क्लासची पोरं ०.१२ ला खुशाल 'पॉइंट बारा' म्हणतात. मग ते 'पॉइंट पाच'पेक्षा मोठं वाटलं तर नवल काय! 'पॉइंट एक दोन' म्हणा, नाहीतर 'बारा शतांश'. आणि 'मायनस मायनस प्लस' हा मंत्र बेरजेतही लावून −१.५ आणि −०.४ मिळून १.९ काढतात. दीड रुपयाच्या देण्यात चाळीस पैशांचं देणं मिळवून कोण श्रीमंत झालाय?

नियम गुणाकाराचा आहे. गणिती ब्रह्मगुप्ताने तो ६२८ साली 'ब्राह्मस्फुटसिद्धान्त' या ग्रंथात घातला : 'ऋणमृणधनयोर्घातो धनमृणयोर्धनवधो धनं भवति'. ऋण-धनाचा घात ऋण, दोन ऋणांचा धन, दोन धनांचा वधही धन. घात आणि वध! एका ओळीत दोन खून, आणि दोन्हींचा अर्थ गुणाकार. आपल्या 'घातांका'तला घात तो हाच.

दत्त आणि सिंह या गणितेतिहासकारांच्या मते धूळपाटीवर गुणताना गुण्याचे, म्हणजे जिला गुणायचं त्या संख्येचे, अंक एकेक पुसले जात, म्हणून हा वध. माणसं विद्वान, पण हे काही पटत नाही. पुसापुशी भागाकारातही होतीच की, तिथे 'हरण' आहे, 'छेदन' आहे, वध नाही. माझं म्हणणं, 'घात' ज्यातून आला तो 'हन्' धातू म्हणजे आधी ठोकणं, जीव घेणं नंतरचं. अरबीतही गुणाकाराला 'ज़र्ब' म्हणतात, म्हणजे ठोका. आपण बसवतो ती 'जरब' त्यातलीच. आणि हननाचं अस्सल मराठी रूप कोणतं? हाणणे! एखादं पोरगं 'तीनाला चाराने हाणलं, बारा आले' म्हणालं तर हसू नका, ते ब्रह्मगुप्ताचीच भाषा बोलतंय. पुढे दशांशस्थळं एक अधिक एक दोन, तेवढी उजवीकडून मोजून टिंब द्यायला त्याला सांगा.