अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष आठ वर्षांहून अधिक काळ पदावर राहू शकतो का?

होय, जास्तीत जास्त दहा वर्षे. मात्र त्यासाठी त्या व्यक्तीने आधीच्या राष्ट्राध्यक्षाच्या मृत्यूमुळे किंवा राजीनाम्यामुळे उरलेला, दोन वर्षांहून अधिक नसलेला कार्यकाळ सांभाळलेला असावा लागतो. १९५१ मध्ये मंजूर झालेल्या बाविसाव्या घटनादुरुस्तीनुसार कोणीही दोनदाच निवडून येऊ शकतो आणि दुसऱ्याच्या कार्यकाळातील दोनपेक्षा जास्त वर्षे पदावर राहिलेला तर एकदाच. त्यामुळे केनेडींच्या हत्येनंतर नोव्हेंबर १९६३ मध्ये, केवळ चौदा महिने उरलेले असताना पदावर आलेले लिंडन जॉन्सन १९६८ मध्येही पात्र होते (माघार त्यांनी स्वतःच घेतली), तर निक्सन यांच्या जागी ऑगस्ट १९७४ मध्ये आलेले जेराल्ड फोर्ड एकदाच निवडून येऊ शकले असते. उपराष्ट्राध्यक्षपदाला मात्र अशी कालमर्यादा नाही.