राखीव कीपरचं काम

प्रिय पोरा,

तुझं पत्र मिळालं. फुटबॉल क्लबने तुला अंडर-१३ च्या गोलकीपरांना शिकवशील का म्हणून विचारलं आणि तू ते फारच मनाला लावून घेतलंयस. ‘सर, म्हणजे माझं खेळणं संपलं असंच ना?’ असं विचारलंस. आणि शेवटी, जाता जाता लिहिल्यासारखं, ‘जो स्वतः बेंचवर बसतो त्याचं पोरं कशाला ऐकतील?’ मला हा दुसरा प्रश्न जास्त लागला. त्यात तू स्वतःची किंमत स्वतःच ठरवून मोकळा झाला आहेस, तीही चुकीची.

फ्रोडे ग्रोडॉस हे नाव तू ऐकलं नसशील. नॉर्वेचा कीपर, जन्म १९६४ चा. पश्चिम नॉर्वेतल्या हॉर्निन्डालचा. डोंगरातलं छोटं गाव, शेजारी पाचशे मीटरहून खोल तळं, युरोपातलं सगळ्यात खोल. तिथून तो सोग्नडालला आणि मग लिलेस्ट्रोमला खेळायला गेला. १९९१ मध्ये राष्ट्रीय संघात आला खरा, पण त्याच्यापुढे एरिक थोर्स्टवेट उभा होता. थोर्स्टवेट लंडनच्या टॉटनहॅम क्लबचा कीपर, त्याच १९९१ साली एफए कप ही इंग्लंडची मोठी स्पर्धा जिंकलेला, नॉर्वेकडून पुढे ९७ सामने खेळला. असा माणूस पुढे असला की मागच्याने किती वर्षं थांबायचं हे कुणी सांगू शकत नाही.

१९९४ चा अमेरिकेतला वर्ल्ड कप घे. नॉर्वे १९३८ नंतर पहिल्यांदाच पात्र ठरला होता. मेक्सिकोला १-० हरवलं, इटलीकडून ०-१ हरले, आयर्लंडशी ०-० बरोबरी. गटातल्या चारही संघांचे ४-४ गुण आणि गोलफरकही (केलेले वजा खाल्लेले गोल) सगळ्यांचा शून्य! नॉर्वेने एकच गोल केलेला, म्हणून ते बाहेर पडले. तिन्ही सामन्यांत गोलमध्ये थोर्स्टवेट. ग्रोडॉस बेंचवर, आणि त्याच्याही मागे तिसरा कीपर ओला ब्यु रीसे. या तिसऱ्या माणसाकडे मी नंतर येतो.

आता मला सांग, त्या दिवसांत दुसऱ्या कीपरने काय केलं असेल? टीव्हीवाल्यांना वाटतं बसून होता. तुला माहितीये तो काय करत असतो, कारण दर रविवारी तू तेच करतोस. सामन्याआधीचा वॉर्म-अप आठव. पहिल्या कीपरला आधी तूच छातीवर हलके चेंडू देतोस, हाताला चेंडूची सवय व्हावी म्हणून. मग डावी-उजवीकडे जमिनीलगत. मग दोन्ही बाजूंनी क्रॉस, म्हणजे कडेने गोलसमोर उंच टाकलेले चेंडू. वारा कुठून आहे, चेंडू ओला आहे का, मैदानाच्या कुठल्या भागात टप्पा खाली बसतोय, हे सगळं तू त्याला बोलत बोलत सांगतोस. आणि शेवटचे दोन-तीन शॉट तू मुद्दाम असे मारतोस की त्याने ते अडवावेत, कारण आत जाताना त्याच्या हातात अडवलेला चेंडू असला पाहिजे, जाळ्यात गेलेला नको. ज्याच्यामुळे आपल्याला खेळायला मिळत नाही त्याला आपल्या हाताने तयार करायचं! हे मन मोठं असल्याशिवाय होत नाही. आणि बाळा, याच कामाला मोठ्या क्लबात गोलकीपर कोच म्हणतात, त्याचा पगार देतात.

पुढचं ऐक. १९९६ च्या सप्टेंबरमध्ये लंडनच्याच चेल्सी क्लबचा कीपर दिमित्री खारिन याचा गुडघा गेला, सीझनच संपला त्याचा. दुसरा कीपर केविन हिचकॉक होता, पण त्यालाही दुखापतींनी सोडलं नाही. चेल्सीने लिलेस्ट्रोमहून ग्रोडॉसला आणलं, तेही आधी लोनवर, उसना. म्हणजे तात्पुरता माणूस. तो तात्पुरता माणूस १७ मे १९९७ ला लंडनच्या वेम्बली मैदानावर एफए कपच्या फायनलला गोलमध्ये उभा होता, मिडल्सब्रोविरुद्ध. दी मात्तेओने पहिल्या मिनिटातच लांबून गोल केला आणि सगळं जग तोच गोल लक्षात ठेवून आहे. मी मात्र कीपरांना नेहमी विचारतो, त्यानंतरचा सामना कुणाचा? पहिल्या मिनिटाला आघाडी मिळाली की बचावफळी आपोआप मागे सरकते, क्रॉस वाढतात आणि कीपरला सगळा वेळ एका गोलाच्या काठावर उभं राहावं लागतं. दुसरा गोल पडला तो थेट ८३ व्या मिनिटाला, एडी न्यूटनचा. मधला जवळजवळ सगळा सामना ग्रोडॉसने शून्यावर सांभाळला. चेल्सीने १९७० नंतर पहिल्यांदा हा कप उचलला.

त्या दिवशी चेल्सीच्या बेंचवर कोण होता बघ: केविन हिचकॉक. तेरा वर्षं त्या क्लबात काढली त्याने, आणि लीगचे सामने शंभरही भरले नाहीत. खेळणं थांबल्यावर तो गोलकीपर कोच झाला आणि प्रीमियर लीगच्या क्लबांत त्याने वर्षानुवर्षं ते काम केलं. त्याला कामावर घेणाऱ्यांनी तू किती सामने खेळलास हे मोजलं नसावं. मोजलं असतं तर घेतलं नसतं.

ग्रोडॉसला कप जिंकून काय मिळालं? उन्हाळ्यात क्लबने एड डे गुई हा नवा डच कीपर आणला आणि हा पुन्हा बेंचवर. मला हे वाचताना आजही वाईट वाटतं. वेम्बलीवर शून्यावर सामना काढलेल्या माणसाला तीन महिन्यांत सांगितलं जातं की तू आता दुसरा. १९९८ च्या जानेवारीत तो टॉटनहॅमला गेला. तिथे त्या सीझनचे ३८ लीग सामने इयन वॉकर आणि एस्पेन बार्डसेन या दोघांनी वाटून खेळले, ग्रोडॉसला एकही नाही. आणि त्याच वर्षी जूनमध्ये, फ्रान्सच्या वर्ल्ड कपला, नॉर्वेचा पहिला कीपर कोण? ग्रोडॉस. कॅप्टन कोण? तोही ग्रोडॉस. वय ३३. आणि क्लबात ज्याच्यामागे तो बसत होता तो विशीतला बार्डसेन इथे त्याच्यामागे तिसरा कीपर म्हणून बसला होता.

मार्सेला २३ जून १९९८ ला ब्राझीलविरुद्ध ७८ व्या मिनिटाला बेबेतोने गोल केला. नॉर्वे बाहेर पडायच्या बेतात. मग टोरे आंद्रे फ्लोने बरोबरी केली आणि रेकदालने पेनल्टीवर २-१. ब्राझील तेव्हा जगज्जेता होता. तो सामना मिळाला तर बघ, पण चेंडूमागे धावू नकोस, कीपरवर नजर ठेव. चेंडू पलीकडच्या डी मध्ये, म्हणजे समोरच्या गोलपुढच्या चौकोनात, असताना तो कुठे उभा असतो, बचावपटूंना हात करून किती वेळा पुढे ढकलतो. क्लबात सामने न मिळालेला माणूस हे सगळं विसरला का नव्हता, हे मला तुझ्याकडून उत्तर म्हणून हवंय. माझं उत्तर असं की सरावात तो रोज सामनाच खेळत असणार. दुसरं काही पटत नाही.

पुढे तो जर्मनीत शाल्केला गेला, तिथेही पुढे ऑलिव्हर रेक होता आणि याच्या वाट्याला मोजकेच सामने आले. नॉर्वेकडून त्याचे ५० सामने झाले. आणि खेळून झाल्यावर तो नॉर्वेच्या राष्ट्रीय संघाचा गोलकीपर कोच झाला. ज्याने उभ्या आयुष्यात कुणाच्या ना कुणाच्या मागे उभं राहून काम केलं, त्याच्याकडे देशाचे कीपर सोपवले गेले. मला यात नवल वाटत नाही. पहिला कीपर सामना आतून बघतो, त्याला स्वतःचा खांदा दिसत नाही. शॉटच्या आधी त्याची डावी टाच उचलली जाते का, क्रॉसला निघताना पहिलं पाऊल मागे पडतं का, हे फक्त गोलच्या बाजूला उभ्या असलेल्याला दिसतं. तू आपल्या पहिल्या कीपरबद्दल पत्रात जे लिहिलंयस, की तो कॉर्नरच्या वेळी पहिल्या खांबाला फार चिकटतो आणि मागचा अर्धा गोल उघडा पडतो, ते त्याला स्वतःला माहीत आहे का? विचार त्याला.

बार्डसेनचंही सांगतो, कारण तो रस्ताही खरा आहे. त्याने पंचविशीतच फुटबॉल सोडला आणि तो गुंतवणुकीच्या धंद्यात गेला. त्याने काही चूक केली असं मी म्हणणार नाही. तुलाही उद्या मन उडालं तर सोड. पण तुझं पत्र मन उडालेल्याचं नाही. दोन पानं तू फक्त क्रॉसबद्दल लिहिलीयेस!

आता ओला ब्यु रीसे. ट्रोन्डहाइमचा, सगळी कारकीर्द रोसेनबोर्ग या एकाच क्लबात. तिथे तो पहिला कीपर होता, देशासाठी मात्र बहुतेक वेळ थोर्स्टवेटच्या मागे, तरी २५ सामने खेळला. नंतर रोसेनबोर्गमध्येच असिस्टंट कोच आणि २००४ मध्ये मुख्य कोच. त्या साली रोसेनबोर्ग आणि वोलेरेंगा दोघांचे ४८ गुण, गोलफरकही सारखा. जास्त गोल केले म्हणून रोसेनबोर्ग चॅम्पियन. आणि सीझन संपताच ब्यु रीसेचं मुख्य कोचपद गेलं, चॅम्पियन असूनही. पुढे ड्रिलो म्हणून ओळखल्या जाणाऱ्या एगिल ओल्सेनबरोबर तो राष्ट्रीय संघाचा असिस्टंट कोच झाला. हे सांगतोय ते यासाठी की कोच झालास म्हणजे बेंचचा त्रास संपला असं समजू नकोस. बेंचवरच्या माणसाला निदान हरल्याचा जाब विचारत नाहीत.

आपल्याकडचा गुरप्रीतसिंग संधू तर तुला पाठच आहे. २०१४ मध्ये ईस्ट बंगाल सोडून तो नॉर्वेच्या स्टाबेक क्लबात गेला. तिथे त्याचा बराच काळ बेंचवर गेला, पुढे आयव्हरी कोस्टचा सायूबा मांडे होता. २०१६ मध्ये त्याला लीगमध्ये संधी मिळाली, त्याच वर्षी तो युरोपा लीगच्या पात्रता फेरीत उतरला, तिथे खेळणारा पहिला भारतीय म्हणून. तो परत आल्यावर बरीच वर्षं भारताचा पहिला कीपर तोच होता. ती वर्षं वाया गेली असं त्याला कुणी म्हटल्याचं मी ऐकलेलं नाही.

आणि ग्रोडॉसच्याच भागातला आजचा माणूस बघ, ओर्यान न्यूलान. व्होल्डाचा. २०२० पासून हॉर्निन्डाल व्होल्डा नगरपालिकेतच आलंय, म्हणजे हे दोघे आता एकाच नगरपालिकेचे. न्यूलान कितीतरी क्लबांत बेंचवर बसला, जर्मनीतल्या लायपझिगमध्येसुद्धा, आणि तरी नॉर्वेच्या गोलमध्ये तोच. १९९८ नंतर नॉर्वे पुन्हा वर्ल्ड कपला पात्र ठरला तो २०२६ च्या.

आता तुझ्या अंडर-१३ च्या पोरांकडे. पहिल्याच दिवशी त्यांच्यावर जोरात शॉट मारून त्यांना घाबरवू नकोस, हे मी मैदानामैदानावर बघतो आणि माझा जीव जातो. चार नंबरचा चेंडू घे. आधी पकड, अंगठे एकमेकांजवळ, चेंडूच्या मागे दोन्ही हात. पडायला शिकवताना आधी गुडघ्यांवर बसवून एका अंगावर, मग उकिडवं, मग उभ्याने. आपल्याकडच्या कडक मैदानावर कोपर फुटलेलं पोर पुन्हा गोलमध्ये उभं राहत नाही, म्हणून पावसाळ्यातली मऊ माती वापर. मग आवाज. ‘कीपर!’ म्हणून ओरडायला बाराव्या वर्षी लाज वाटते, ती त्याच वयात काढली पाहिजे. आणि पाय. १९९२ मध्ये बॅकपास, म्हणजे आपल्याच खेळाडूने मुद्दाम पायाने मागे दिलेला चेंडू, हातात घ्यायला बंदी आली तेव्हा ग्रोडॉस २७ वर्षांचा होता. त्याच्या पिढीला अर्ध्या वाटेवर पायाने खेळणं नव्याने शिकावं लागलं. तुझ्या पोरांना ते पहिल्या दिवसापासून मिळू दे. दोन्ही पायांनी.

ती तुझं ऐकतील का, हे विचारत होतास. बारा वर्षांच्या पोराला तुझे सामने माहीत नसतात. त्याला एवढंच कळतं की हा दादा माझ्याकडे बघतोय की मोबाइलकडे.

क्लबला हो म्हण, पण एक अट घाल: सीनियर संघाबरोबरचा तुझा सराव बंद होणार नाही. पोरांचा तास सकाळी घे, तुझा सराव संध्याकाळी. तू अजून पंचविशीचाही नाहीस आणि कीपरची खरी वर्षं तिशीत असतात. कोचिंगच्या डी लायसन्सचा फॉर्म निघाला की भर, त्यानंतर गोलकीपर कोचचा वेगळा कोर्स असतो तोही कर. पैशाची अडचण असेल तर संकोच न करता सांग, तालमीतल्या लोकांशी बोलून काहीतरी मार्ग काढू.

तुझ्याकडे अंडर-१३ ला कीपर किती आहेत आणि कुणाकुणाकडे ग्लोव्ह्ज नाहीत ते कळव. आमच्याकडे लहान मापाचे काही जोड पडून आहेत, रविवारच्या गाडीने पाठवतो.

तुझा,
सर