काय करालास?

शहापूर, बेळगाव
रविवार

चिरंजीवास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. हल्ली पोस्टमन आला की बँकेचंच काहीतरी असतं, म्हणून पाकीट दोन दिवस तसंच पडून होतं. माफ कर.

एकांकिका स्पर्धेत परीक्षकांनी सगळ्यांसमोर सांगितलं, अभिनय बरा आहे, पण भाषेला कानडी वळण आहे, ते काढून टाका. आणि तू दोन रात्री झोपला नाहीस. एवढंच असतं तर चार ओळींत भागलं असतं. पण शेवटी तू विचारलंयस, अभिनयासाठी मुंबईला जाऊ की बेंगळुरूला? म्हणून जरा लांबण लावतो.

आधी वळणाचं. तू म्हणालास "काय करालास?", हेच ना? "करायला लागलास"चं ते आखूड रूप. आपल्याकडचा कानडी माणूस विचारतो, "एन माडाकत्ती?" माडाक म्हणजे करायला, हत्ती म्हणजे लागलास. दोन्ही भाषा एका जोत्यावर बसून तयार झाल्यासारख्या. "मी काम केलो", "मी चहा पिलो" हेही तसंच. कानडीत क्रियापद कर्त्याकडे बघतं, कर्माची त्याला पर्वा नसते. शेजार एवढा जुना असल्यावर आपल्याही क्रियापदाला ती सवय लागली. त्यात लाजायचं काय?

पण परीक्षक अगदीच चुकले असं मी म्हणणार नाही. तू पुण्याचा प्रोफेसर होतास की. पुण्याचा प्रोफेसर बायकोला "काय करालास" म्हणत नाही. ती भाषा खानापूरच्या तुझ्या आजोबांची. चुकीच्या माणसाच्या तोंडी गेली, एवढाच तुझा गुन्हा. तेव्हा काढून टाकायचं काही नाही. ट्रंकेत नीट घडी घालून ठेवायचं आणि लागेल तेव्हा बाहेर काढायचं. मी तरुणपणी ते घासून घासून काढायला गेलो. दोन वर्षं पुणेरी बोललो. शेवटी गावच्या यात्रेतल्या नाटकात म्हाताऱ्या शेतकऱ्याचं काम आलं, तर तोंडातून आकाशवाणीच्या बातम्या यायला लागल्या. आमच्या आईनं पहिल्या रांगेत कपाळाला हात लावला.

या वळणाचा एक धोका मात्र ओळखून ठेव. पुलंच्या रावसाहेबांवर सगळ्या महाराष्ट्रानं प्रेम केलं, आपणही केलं. पण तेव्हापासून बेळगावी बोली स्टेजवर आली की लोक आधी हसायची तयारी करतात. मला मराठीत करायला मिळालेली बेळगावी माणसं मोजली तर बहुतेक हॉटेलवाले नाहीतर कंडक्टर. आणि बेंगळुरूला? तिथं मी मराठी ढंगाचं कानडी बोलणारा सावकार. इकडे विनोदी, तिकडे खलनायक. दोन्हीकडे पाहुणा. ही कामं घे, चूल त्यांच्यावरच चालते. फक्त त्यातल्या एखाद्या कंडक्टरला तरी मनापासून रडव.

आता ज्यासाठी हे पत्र लिहायला बसलो ते. कानडी वाचायला शीक. तू बोलतोस छान, मला माहीत आहे, रविवार पेठेतल्या अडत्याशी तुझी घासाघीस मी ऐकलीय. पण तू तुझे कानडी संवाद देवनागरीत उतरवून पाठ करतोस. मीही तेच करायचो.

पंचवीसेक वर्षांपूर्वीची गोष्ट. बेंगळुरूच्या एका मालिकेत मला शेतकऱ्याचं काम मिळालं. पावसानं सगळं धुऊन नेलंय, म्हातारा बांधावर कोसळतो आणि म्हणतो, "नन्न बेळे होय्तु." माझं पीक गेलं. एवढीच ओळ. आपल्याकडे कानडी बोलतानाही माणूस 'पीक'च म्हणतो, 'बेळे' हा शब्द माझ्या तोंडवळणी नव्हता. वहीत देवनागरीत लिहून घेतला, रात्रभर पाठ केला, डोळ्यांत खरं पाणी आणलं. आणि ॲक्शन म्हटल्यावर बांधावर गुडघे टेकून जीव तोडून ओरडलो.

कानडीत ए दोन आहेत, आखूड आणि लांब. ओसुद्धा तसाच. आपल्या देवनागरीत दोन्हींना एकच मात्रा. 'बेळे'तला पहिला ए आखूड असला तर पीक. लांबवला तर डाळ. मी लांबवला. शोकात आवाज लांबतोच ना! भर पावसात, नांगराजवळ, म्हातारा हंबरडा फोडतोय: माझी डाळ गेली हो!

क्षणभर कुणी काही बोललं नाही. मग लाइटवाल्यांपैकी एकजण शांतपणे म्हणाला, "यजमान्रे, ईग सांबार हेग माडोदु?" आता सांबार कसं करायचं? युनिट पाच मिनिटं जमिनीवर लोळत होतं. दिग्दर्शक भला माणूस, तोही हसला, पण पुढच्या शॉटला माझी ओळ त्यानं माझ्या मुलाचं काम करणाऱ्या पोराला देऊन टाकली. मी मागे बसून नुसता रडलो. टीव्हीवर बघणाऱ्यांनी नंतर त्या रडण्याचं कौतुक केलं, ते वेगळं.

परत आल्यावर बाजारातून पहिलीचं कानडी पुस्तक आणलं. लाल बसच्या पाट्या, औषधांची दुकानं, लग्नपत्रिका, दिसेल ते वाचत सुटलो. दोन-तीन महिन्यांत जमलं. तेव्हापासून कानडी संवाद कानडी लिपीत, मराठी संवाद मराठीत. डोक्यात भाषांतर करायचं बंद झालं आणि अंगही बदललं. "या, बसा" म्हणताना माझा हात खुर्चीकडे जातो. "बर्री, कूडर्री" म्हणताना आधी मान झुकते. मी मुद्दाम करत नाही. आणि "बर्री" आपलं, धारवाडकडचं. बेंगळुरूचा माणूस "बन्नी" म्हणतो. तिथल्या घरातला बाप करत असशील तर "बर्री" ट्रंकेत. बघ, तिकडेही ट्रंक आलीच.

मराठीचंही एक सांगतो. चाकातला च आणि चहातला च वेगळे. कानडीत चहातला एकच. दिवसभर कानडी शूटिंग करून रात्री तालमीला गेलास की "चाक" बोलून बघ. जीभ कुठं टेकते त्यावरून कळेल, घरी आलायस की नाही.

रविवार पेठेत गेलास की अडत्यांचे ओठ बघ. सौदा कानडीत, उधारीचा तगादा मराठीत, शिव्या उर्दूत. पण नोटा मोजताना? प्रत्येकजण आपापल्या आईच्या भाषेत मोजतो, अगदी आवाज न करता. कॅमेऱ्याला ते दिसतं. कानडी सावकार करत असशील तर ओंदु, एरडु, मूरु असंच मोज.

मुंबई की बेंगळुरू? बेळगावहून दोन्हीकडे साधारण पाचशे किलोमीटर, रात्रीची एक बस. देवानंच बरोबर मध्ये ठेवलंय, तर लगेच कशाला निवडतोस? आधी वर्षभर शीक. शिमोगा जिल्ह्यात हेग्गोडूला नीनासमची नाट्यशाळा आहे, 1980 पासून. जमलं तर तिथं जा. तोवर कोल्हापूरकडच्या मालिकांत छोटी कामं घे. बदामीजवळच्या बनशंकरीच्या जत्रेत कंपनी नाटकं, म्हणजे फिरत्या मंडळ्यांची नाटकं, लागतात, तिथं चार रात्री काढ. माइक बंद पडल्यावर शेवटच्या माणसापर्यंत शब्द कसा पोचवतात ते तिथं दिसेल.

पैशाचं थोडक्यात. नाटकाची नाइट, म्हणजे एका प्रयोगाचं मानधन, बहुधा रात्रीच हातात पडते. मालिकेचे पैसे साधारण 90 दिवसांनी, तेही 10 टक्के टीडीएस कापून. उत्पन्न करपात्र नसेल तर रिटर्न भरून ते परत मिळतात, नाही भरलास तर सरकारला आहेर. कोणत्या तारखेला किती तास गेलास, कुणी बोलावलं, डायरीत लिही. माझे एका निर्मात्याकडे तीन महिने बुडाले, कारण माझ्याकडे आठवण होती आणि त्याच्याकडे कागद.

"तू नक्की कुणाचा?" हे तुला दोन्हीकडे विचारतील. 1 नोव्हेंबरच्या, कर्नाटक राज्योत्सवाच्या आसपास जरा जास्तच. 1956 साली बेळगाव म्हैसूर राज्यात, म्हणजे आताच्या कर्नाटकात गेलं, तेव्हापासून हा प्रश्न आपल्या ताटात वाढलेला आहे. घरी तुझं काय मत असायचं ते असू दे, सेटवर त्यावर वाद घालू नकोस. तिथं चहा देणाऱ्या पोरापासून सगळे दमलेले असतात. स्वतःपुरतं मात्र माहीत असू दे. 1842 साली कारवारकडच्या करकीची भागवत मंडळी सांगलीला खेळ करून गेली. ते बघून राजेसाहेबांनी विष्णुदास भाव्यांना तसं काही मराठीत करायला सांगितलं, आणि 1843 ला 'सीता स्वयंवर' उभं राहिलं. 1880 ला 'संगीत शाकुंतल' करणारे अण्णासाहेब किर्लोस्कर आपल्या जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे. कानडी रंगभूमीचे एणगी बाळप्पा त्याच सौंदत्ती भागातले. स्त्री पार्ट करत उभे राहिले आणि शंभरी ओलांडून 2017 साली गेले. आजचंच बघायचं तर सहाय्यक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार दोनदा घेणारा अतुल कुलकर्णी बेळगावात जन्मलेला, आणि तो कानडीतही काम करतो. परीक्षकांना यातलं काही ऐकवायला जाऊ नकोस हां. पुढच्या वर्षी तेच असतील.

पुढच्या रविवारी संध्याकाळी ये. नवीन एकांकिकेची संहिता आण. कुंदा आणू नकोस, मला साखर आहे, आणि काकू दिवसभर डब्याकडे बघत बसते. वाटेत कोपऱ्यावर कानडी दुकानदार आहे, त्याच्याकडून अर्धा किलो तोगरी बेळे घेऊन ये. मराठीत मागायची नाही, बोट दाखवायचं नाही. तो हसला तर का हसला ते आल्यावर सांग.

तुझा,
काका