वाचकांचे प्रश्न: कादंबरीच्या शेजारी काय ठेवू?

प्रश्न: नमस्कार ताई, मी फोंड्याची, शाळेत शिकवते. इतकी वर्षं ऐतिहासिक कादंबऱ्याच वाचल्या, आवडतातच, पण आता एकीसारखीच दुसरी वाटायला लागलीय. मोबाईलवर 'वाचायलाच हवीत अशी पुस्तकं' टाइप याद्या येतात, त्यातली काही मागवली पण मन लागलं नाही. थोडं कथा-कादंबरी, थोडं माहितीचं, असं मिक्स वाचायचं असेल तर पुस्तकं शोधायची कशी?

उत्तर: ताई, त्या याद्या राहूदेत. ऐतिहासिक कादंबरी सोडायचीही काही गरज नाही, फक्त आवडलेल्या प्रत्येक कादंबरीला त्याच विषयावरचं एक माहितीचं पुस्तक जोडत चला. तुमच्या फोंड्यापासूनच बघा ना. मंगेशी आणि कवळ्याची शांतादुर्गा ही देवस्थानं मुळात तिथली नव्हेत, पोर्तुगीजांच्या काळात देवळं पाडायला लागले तेव्हा मंगेश कुठ्ठाळीहून आणि शांतादुर्गा केळशीहून नदीपलीकडे अंत्रुजात, म्हणजे आपल्या फोंड्यात, आली, हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही माहीत असतं. पण तेव्हा घराघरात काय झालं असेल? त्यासाठी महाबळेश्वर सैल यांची 'तांडव' वाचा, आणि ती संपली की लगेच, मन अजून तिच्यातच असताना, अ. का. प्रियोळकरांचं पोर्तुगीजांच्या धर्मन्यायालयावरचं 'द गोवा इन्क्विझिशन' (१९६१) काढा. इंग्रजीत आहे, सावकाश वाचलं तरी चालेल. कादंबरीत ज्या माणसांसाठी जीव कळवळला त्यांच्यावर लादलेले कायदे आणि हुकूम इथे समोर येतात, आणि दोन्ही पुस्तकं एकमेकांना वजन देतात असं मला मनापासून वाटतं.

पुढचा धागा आपोआप सापडतो. गोव्याची गावकरी पद्धत, म्हणजे गावाची जमीन गावाने मिळून सांभाळायची रीत, कशी चालायची असा प्रश्न पडला तर दामोदर कोसंबींच्या 'मिथ अँड रिॲलिटी'मध्ये (१९६२) त्यावर अख्खं प्रकरण आहे, आणि मुलाचं वाचलंत की वडिलांचं वाचाच, धर्मानंद कोसंबींचं आत्मचरित्र 'निवेदन'. सांकवाळचा, घरची माडांची बागायत बघणारा मुलगा, लहान मुलांच्या एका मराठी मासिकात बुद्धावरचा लेख वाचतो आणि ते डोक्यातून जातच नाही, मग बायको-मुलीला घरी ठेवून बाहेर पडतो तो पुणे, काशी, नेपाळ, सिलोन, ब्रह्मदेश, आणि पुढे हार्वर्डपर्यंत जातो. पैसे नाहीत, ओळख नाही, कधी पोटात अन्न नाही, आणि हे सगळं लिहिलंय इतकं साधं, कुठेही आव न आणता, की मला ते कुठल्याही कादंबरीपेक्षा जास्त धरून ठेवतं. गोव्यातल्या प्रत्येक घरात ते असायला हवं.

दुसरी एक जोडी सांगते. विश्वास पाटलांची 'झाडाझडती' धरणग्रस्तांची कादंबरी आहे, ती वाचताना मला सतत आपलं कुर्डी आठवत होतं, गायिका मोगूबाई कुर्डीकरांचं गाव, साळावली धरणात गेलेलं, मे महिन्यात पाणी उतरलं की जुनी माणसं अजून तिथे जमतात. तिच्यासोबत पर्यावरणशास्त्रज्ञ माधव गाडगीळांचं आत्मकथन 'सह्याचला आणि मी' घ्या.

आता शोधायचं कुठे. पणजीला आलात की पाटोवरच्या मध्यवर्ती ग्रंथालयात जा, १८३२ पासूनची संस्था आहे, आणि ज्यांचं नाव तिला दिलंय ते कृष्णदास शामाही केळशीचेच. तिथे थेट कादंबऱ्यांच्या कपाटाकडे जाऊ नका, एकदा आत्मचरित्रं, एकदा प्रवास, एकदा निसर्ग असं दर खेपेला वेगळं कपाट धरा. पुस्तक हातात घेतलं की मलपृष्ठ वाचू नका, तिथे सगळ्याच पुस्तकांचं कौतुक असतं, मधलंच कुठलंतरी पान उघडून उभ्या उभ्या वाचा, पान उलटावंसं वाटलं तर घरी न्या. आणि शेवटची संदर्भसूची चाळायला विसरू नका, लेखकाने स्वतः काय वाचलं ते तिथे असतं, यादीच हवी असेल तर ही खरी यादी.

प्रश्न: माहितीचं पुस्तक घेतलं की अर्ध्यावर सुटतं. काय करू? (साखळीहून एक वाचक)

उत्तर: सुटू दे की दादा, परत करा आणि दुसरं घ्या. सुरुवात गोडसे भटजींच्या 'माझा प्रवास'ने करा. घरचं कर्ज फेडायला चार पैसे मिळतील म्हणून वरसईचा एक भिक्षुक यज्ञाच्या दक्षिणेसाठी उत्तरेकडे निघतो आणि ऐन १८५७ च्या धामधुमीत सापडतो, झाशीला वेढा पडतो तेव्हा हा आत शहरात. त्यानंतर लक्ष्मीबाई टिळकांची 'स्मृतिचित्रे'. दोन्ही खरीखुरी आहेत आणि दोन्ही गोष्टीसारखी वाचून होतात. ही जमली की मग इतिहास-विज्ञानाकडे वळा, तोवर घाई नको.