मृगनयनी की मृगनयना? ग्वाल्हेरच्या एका नावाबद्दल

तुमच्या प्रश्नात तीन गोष्टी आहेत. मुलीचं नाव 'मृगनयनी' ठरलंय, पण सासूबाईंच्या मते ते अशुद्ध आहे, 'मृगनयना' हवं. नातेवाईक म्हणतात, हे तर मध्य प्रदेश सरकारच्या हस्तकला एम्पोरियमचं नाव. आणि अर्थ नेमका काय, हे तुम्हाला हवंय.

आधी अर्थ. विग्रह असा: मृगाच्या नयनांसारखे नयन जिचे, ती. म्हणजे बहुव्रीहि समास, उपमा पोटात घेतलेला. सासूबाईंना उदाहरण हवं असेल तर व्याकरणाच्या पुस्तकांत याच जातीचं ठरलेलं उदाहरण आहे 'उष्ट्रमुख', उंटाच्या तोंडासारखं तोंड असलेला. ते मात्र बारशाच्या दिवशी काढू नका.

'मृग' म्हणजे हरीण, हे नंतरचं. धातू 'मृग्', शोधणे, माग काढणे. 'मृगया' म्हणजे शिकार ती त्यातूनच. आधी कुठल्याही रानटी जनावराला मृग म्हणत, म्हणून सिंह 'मृगेंद्र' आणि माकड 'शाखामृग'. 'नयन' आला 'नी' धातूवरून: नेणारा, वाट दाखवणारा तो डोळा. 'नेत्र'ही त्याच धातूचा. ही भावंडं लक्षात ठेवा, पुढे लागतील.

आता वादाचा मुद्दा. सासूबाईंचं म्हणणं पाणिनीच्या हिशेबाने बरोबर आहे. बहुव्रीहीच्या शेवटी शरीराचा अवयव आला तर स्त्रीलिंगी रूप विकल्पाने 'ई' घेतं (पाणिनीच्या 'अष्टाध्यायी'तलं सूत्र ४.१.५४): चंद्रमुखी, सुकेशी. पण त्याला अटी आहेत. अवयवाच्या शब्दात दोनाहून जास्त स्वर असतील तर 'ई' नाही, 'आ'च (४.१.५६). न-य-न, तीन स्वर. लो-च-न, तीन. व-द-न, तीन. म्हणून सुलोचना, चंद्रवदना, आणि जनकाची राणी सुनयना. 'सुलोचनी' कानाला खटकतं ते यामुळेच, आपण नियम न शिकताही. दुसरी अट शेवटच्या जोडाक्षराची. 'नेत्र'मध्ये स्वर दोनच, पण शेवटी 'त्र', म्हणून सुनेत्रा, सुनेत्री नाही. 'अंग'मध्येही जोडाक्षर आहे, तरी हेमांगी होते, कारण अंग, गात्र आणि कंठ यांना वार्तिकाने, म्हणजे सूत्राला जोडलेल्या पूरक नियमाने, वेगळी सूट दिली आहे.

'अक्षि'चं प्रकरण निराळं. तिथे समासाला एक प्रत्यय लागून 'अक्ष' होतं आणि 'ई' सक्तीची असते. म्हणून मीनाक्षी, विशालाक्षी, मृगाक्षी. तुमच्याच अर्थाचं निर्विवाद संस्कृत नाव हवं असेल तर ते मृगाक्षी. 'मृगनयना'ही चालेल, 'संशयकल्लोळ' नाटकातल्या प्रसिद्ध पदात हेच रूप आहे.

तरी मी 'मृगनयनी' सोडा म्हणणार नाही. कारण ते संस्कृतातून थेट आलेलंच नाही. प्राकृतात स्त्रीलिंगाला 'आ' आणि 'ई' दोन्ही चालत, आणि पुढे ब्रज, हिंदी, मराठी काव्यात 'ई'ही रूढ झाली. ग्वाल्हेरच्या बोलीत तर 'नयन'चा 'नैन' होऊन 'मृगनैनी' ऐकू येतं. गंमत अशी की 'नैन'मध्ये स्वर दोनच उरतात, म्हणजे पाणिनीचीही हरकत राहत नाही! आणि काटेकोरपणाच करायचा तर 'सुमुखी'चं काय? नख आणि मुख हे शब्द विशेषनामात आले तर 'ई' होत नाही (४.१.५८). म्हणून शूर्पणखा, शूर्पणखी नव्हे. त्या न्यायाने आपल्या सगळ्या सुमुखी 'सुमुखा' व्हायला हव्यात. कुणी तशी मागणी करत नाही. सासूबाईंपुढे हा मुद्दा नम्रपणे ठेवा.

एम्पोरियमबद्दल: दुकानाला नाव राणीचं दिलंय, राणीला दुकानाचं नाही. ग्वाल्हेरचा राजा मानसिंह तोमर (राज्यकाल १४८६ ते १५१६) याची ही गूजर राणी. किल्ल्याच्या पायथ्याशी तिच्यासाठी बांधलेला गूजरी महाल आज पुरातत्त्व संग्रहालय आहे, ग्यारसपूरचं प्रसिद्ध शिल्प 'शालभंजिका' तिथेच ठेवलं आहे. राणीच्या माहेरच्या राई गावचं पाणी महालापर्यंत आणण्याची तिने अट घातली, ही आख्यायिका. गूजरी तोडी या रागाचा संबंधही परंपरा तिच्याशी जोडते. 'मृगनयनी' ही तिची ओळख रूपावरून पडलेली, जन्मनाव म्हणून नव्हे. पुढे वृंदावनलाल वर्मांच्या १९५० च्या कादंबरीने ते हिंदी घराघरांत नेलं. ग्वाल्हेरच्या लष्कर भागात वाढणाऱ्या मराठी मुलीला इतकं गावचं नाव दुसरं कुठलं मिळणार?

खरा त्रास व्याकरणाचा नाही, कागदांचा होईल. आपण मराठी माणसं 'ऋ'चा उच्चार 'रु' करतो, हिंदीवाले 'रि'. म्हणून घरी तुम्ही एम-आर-यू-जी लिहाल आणि दवाखान्यातला किंवा नगर निगममधला कारकून सवयीने एम-आर-आय-जी. देवनागरीतही तिकडे 'म्रग' लिहिलेलं सर्रास दिसतं, क्वचित 'मृगनैनी', आणि कुणी हौशीने 'मृगनयिनी'ही करतं. हे शेवटचं कुठल्याच हिशेबाने बसत नाही. माझं मत: ग्वाल्हेरमध्ये राहायचं असेल तर 'आय' घ्या. एम्पोरियमच्या पाटीमुळे तेच स्पेलिंग सगळ्यांच्या डोळ्यांत बसलंय, प्रत्येक खिडकीवर दुरुस्ती सांगावी लागणार नाही. पण एकदा ठरवलं की जन्म प्रमाणपत्र, आधार, शाळा सगळीकडे अक्षर न अक्षर तेच.

जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, पण नाव तेव्हाच द्यायला हवं असं नाही. नावाची जागा रिकामी ठेवून १२ महिन्यांपर्यंत विनाशुल्क भरता येते, त्यानंतर शुल्क देऊन १५ वर्षांपर्यंत. म्हणून घरात वाद मिटेपर्यंत घाईने काहीतरी लिहून टाकू नका. चुकलेलं नाव बदलणं हे रिकामी जागा भरण्यापेक्षा फार कटकटीचं असतं. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांना जन्मतारखेचा पुरावा म्हणून हेच प्रमाणपत्र लागतं, तेव्हा पुढचे कागद याच्यावरूनच निघतील. छापील प्रत हातात घेण्याआधी पडद्यावर हिंदी आणि इंग्रजी दोन्ही नावं स्वतः वाचा.

हाक मारायला पाच अक्षरं लांब पडतात, आपोआप तुकडा पडेल. तो तुम्हीच ठरवा, नाहीतर शेजारी 'मिर्गा' करतील. 'नयनी' सुटसुटीत आहे.

मुलीचं नक्षत्र मृग आहे म्हणून नाव 'मृ'वरून, असं तुम्ही शेवटी लिहिलंय. पंचांगाचा तसा संबंध नाही. मृगशीर्षाच्या चार चरणांची अक्षरं वे, वो, का, की अशी आहेत, 'म' त्यांत नाही. जन्मनाव पाळायचंच असेल तर चरण पाहून त्यातल्या अक्षरावरून एक नाव गुरुजींकडून पत्रिकेत लिहून घ्या, आणि मृगनयनी व्यवहारात ठेवा.